सावलीचा रंग कोणता? हॅरिएट बाकर यांची चित्रं आणि त्यांची शाळा

पॅरिसच्या म्युझे दॉर्से या संग्रहालयात 2024च्या सप्टेंबरपासून 2025च्या जानेवारीपर्यंत एका नॉर्वेजियन चित्रकर्तीचं मोठं प्रदर्शन भरलं होतं. मोने, देगा, व्हॅन गॉग यांची चित्रं जिथे कायमची टांगलेली आहेत, त्याच इमारतीत. त्याआधी हे प्रदर्शन ऑस्लो आणि स्टॉकहोमला होऊन आलं होतं, पॅरिसनंतर ते बर्गेनला गेलं. त्या दिवसांत तिच्या चित्रांचे फोटो फोनवर फिरू लागले आणि चित्रकलेची आवड असणाऱ्या ओळखीतल्या बऱ्याच जणांनी मला एकच प्रश्न विचारला: या बाई कोण?

प्रश्न रास्त आहे. नॉर्वे म्हटलं की आपल्याला एडवर्ड मुंक आठवतो, पुलावर कानांवर हात दाबून उभा असलेला तो माणूस आठवतो. हॅरिएट बाकर हे नाव मलाही बरीच वर्षं माहीत नव्हतं. आणि त्या कोण हे सांगायला बसलं की आधी उजेडाबद्दल बोलावं लागतं. सावली काळी नसते, एवढी साधी ती बाब आहे. बाकर यांनी ती आयुष्यभर रंगवली आणि 23 वर्षं दुसऱ्यांना शिकवली. त्यांचं रंगवणं आणि शिकवणं मला वेगळं काढता येत नाही, म्हणून हा लेख दोन्हींबद्दल आहे.

दोघी बहिणी

हॅरिएट बाकर यांचा जन्म 21 जानेवारी 1845चा, ऑस्लोच्या दक्षिणेला खाडीकाठी असलेल्या होल्मेस्त्रान या छोट्या गावातला. वडील व्यापारी. घर खातंपितं, चार मुली. हॅरिएट दुसरी. तिसरी आगाथे, ती पुढे नॉर्वेतली नामांकित पियानोवादक आणि संगीतकार झाली. 1857मध्ये कुटुंब राजधानीत राहायला आलं. त्या शहराचं नाव तेव्हा क्रिस्तियानिया होतं, 1925मध्ये ते ऑस्लो झालं. घोटाळा नको म्हणून मी सगळीकडे ऑस्लोच म्हणतो. हॅरिएट तेव्हा 12 वर्षांची होती आणि याच वर्षी तिची चित्रकलेची शिकवणी सुरू झाली.

तरुणपणी दोघी बहिणींनी युरोपात बराच प्रवास एकत्र केला. आगाथेला मोठ्या वादकांकडे शिकायचं असे, हॅरिएट सोबत जाई आणि तिथल्या संग्रहालयांत बसून जुन्या चित्रांच्या प्रती करी. हे लक्षात ठेवा, कारण पुढे आपल्याला संगीताची मदत लागणार आहे.

कलाशाळाच नाही, तर शिकायचं कुठे?

त्या काळी युरोपात चित्रकार व्हायचं म्हणजे अकादमीत जायचं. अकादमी म्हणजे राज्याने चालवलेली किंवा मान्यता दिलेली कलाशाळा. तिथे आधी प्लास्टरचे पुतळे, मग समोर बसवलेला जिवंत माणूस, मग रचना असा वर्षानुवर्षांचा अभ्यास असे. नॉर्वेत अशी अकादमीच नव्हती. शतकानुशतकं डेन्मार्कच्या आणि मग 1905पर्यंत स्वीडनच्या राजाखाली असलेला हा देश; त्याला स्वतःची कला अकादमी मिळाली ती 1909मध्ये. तोवर ऑस्लोत चित्रकारांच्या खासगी शाळा चालत. तालुक्याच्या गावात कॉलेज नसलं की क्लास हेच कॉलेज होतं, तसं.

बाकर या शाळांमधून गेल्या. 1861पासून चार वर्षं योहान फ्रेड्रिक एकर्सबर्ग यांच्याकडे, 1872 ते 1874 क्नुद बर्गस्लिएन यांच्याकडे. पण त्यापुढे देशात शिकण्यासारखं फार उरत नसे. मुलगे म्युनिकला जात, पॅरिसला जात. मुलींनी काय करायचं? म्युनिकच्या अकादमीने बायकांना प्रवेश दिला तो 1920मध्ये. पॅरिसच्या सरकारी कलाशाळेने 1897मध्ये.

अडचण काय होती, हे नीट समजून घ्यायला हवं. विवस्त्र मॉडेल समोर बसवून शरीर रंगवायला शिकणं हा अभ्यासाचा गाभा होता आणि बायकांनी त्या वर्गात बसणं समाजाला मान्य नव्हतं. तो वर्ग नाही म्हणजे शरीराचा अभ्यास कच्चा, आणि तो कच्चा म्हणजे इतिहासातली, धर्मातली भव्य प्रसंगचित्रं हाताबाहेर. त्या काळी सर्वात वरचं स्थान अशाच चित्रांना होतं. एक वर्ग नाकारला की वरची सगळी शिडीच काढून घेतल्यासारखं व्हायचं.

बाकर 1874मध्ये म्युनिकला गेल्या तेव्हा 29 वर्षांच्या होत्या. अकादमीचं दार बंद, म्हणून त्या तिथे राहणाऱ्या आयलिफ पेटरसेन या नॉर्वेजियन चित्रकाराकडे शिकल्या. हे गुरू त्यांच्याहून सात वर्षांनी लहान होते. 1878मध्ये त्या पॅरिसला आल्या, पुन्हा विद्यार्थिनी म्हणूनच. तिथे मादाम त्रेला यांच्या बायकांसाठीच्या चित्रशाळेत लेओं बोना आणि जाँ-लेओं जेरोम हे मातब्बर चित्रकार कामं तपासायला येत. पॅरिसच्या अशा चित्रशाळांची रीत ठरलेली होती: विद्यार्थी आठवडाभर काम करत, मग गुरू येई, प्रत्येक ईझलपाशी दोन-चार मिनिटं थांबे, काय चुकलं ते सांगे आणि पुढे सरके. त्या दोन-चार मिनिटांवर आठवडा काढायचा.

1880मध्ये त्यांचं एक चित्र पॅरिसच्या सालोंमध्ये लागलं आणि त्याची सन्माननीय दखल घेतली गेली. सालों म्हणजे तिथलं दरवर्षीचं अधिकृत महाप्रदर्शन. तिथे चित्र लागणं हीच चित्रकाराची सनद. बाकर तेव्हा 35 वर्षांच्या होत्या. बाराव्या वर्षी सुरू झालेलं शिक्षण जगाच्या नजरेत फळाला यायला 23 वर्षं लागली.

निळी खोली

आता त्या चित्राकडे येऊ ज्यामुळे मी बाकर यांच्या प्रेमात पडलो. 1883चं हे चित्र ऑस्लोच्या नॅशनल म्युझियममध्ये आहे आणि 'निळं अंतर्दृश्य' अशा अर्थाच्या नावाने ओळखलं जातं. अंतर्दृश्य म्हणजे घराच्या किंवा इमारतीच्या आतलं दृश्य. चित्रात घडत काहीच नाही. एक बाई खिडकीच्या उजेडात बसून हातातल्या कामात गढलेली आहे. कुंडीतलं एक उंच झाड आहे, थोडं सामान आहे. मॉडेल म्हणून बसली होती बाकर यांची मैत्रीण आस्ता नॉरेगार्ड, ती स्वतः चित्रकार.

मग त्यात विशेष काय? खोलीभर पसरलेला निळा. भिंत निळी, बाईचा पोशाख निळा, हवाही निळी वाटते. आणि त्या निळ्यातच लाकडाचा, कापडाचा तांबूस-नारिंगी रंग असा काही उमलून येतो की थंडीत शेगडीशी हात धरावेत. पाच वर्षांपूर्वीच म्युनिकमध्ये त्या रंगवत होत्या ते सगळं तपकिरी होतं. तिथली शिस्तच तशी: काळोख तपकिरी, सावली तपकिरी, उजेड तेवढा पिवळसर.

शाळेत असताना मीही सावलीला सरळ काळा रंग फासायचो. आपल्यापैकी बहुतेकांनी तेच केलं असेल. पण खिडकीतून येणारा उजेड थेट सूर्याचा नसेल, आकाशाचा असेल, तर तो निळसर असतो. त्या उजेडात ठेवलेला पांढरा कागद खरं तर निळसर असतो. आपल्याला तो पांढराच दिसतो, कारण मेंदू दुरुस्ती करतो. त्याला ठाऊक असतं की कागद पांढरा आहे, तो निळा वजा करून टाकतो. रोजच्या जगण्यात ही फार उपयोगी सोय आहे. नाहीतर सकाळचा आपला सदरा संध्याकाळी ओळखू आला नसता. चित्रकाराला मात्र ही दुरुस्ती बंद करायला शिकावं लागतं. ठाऊक असलेला रंग बाजूला ठेवायचा आणि समोर आहे तो रंग पाहायचा. सांगायला एक वाक्य, पण साधायला वर्षं जातात.

पेटीची पट्टी आणि चित्रातला टोन

या शिकण्याच्या मुळाशी असलेल्या कल्पनेला फ्रेंच चित्रकार 'व्हालर' म्हणत. आपल्याकडचे चित्रकार 'टोन' म्हणतात. टोन म्हणजे एखादा रंग शेजारच्या रंगांच्या तुलनेत किती उजळ किंवा किती गडद आहे ते. यात 'तुलनेत' हा शब्द सगळ्यात महत्त्वाचा.

इथे संगीत कामाला येतं. एखादा अभंग कुणी काळी एकच्या पट्टीत गाईल, कुणी पांढरी चारच्या. प्रत्येक सुराची उंची बदलली, तरी अभंग तोच ओळखू येतो, कारण सुरांमधली अंतरं तीच राहतात. षड्ज कुठे धरायचा ते गाणाऱ्याच्या गळ्यावर ठरतं. गळा तेवढा वर जात नसेल तर पट्टी उतरवायची, पण पंचमाला पंचमाच्याच जागी ठेवायचं.

चित्रकाराचा 'गळा' फारच छोटा असतो. कॅनव्हासवरचा सर्वात पांढरा रंग सर्वात काळ्या रंगापेक्षा जेमतेम 20-30पट उजळ असतो. उन्हातलं अंगण आणि घरातला अंधारा कोपरा यांच्यात फरक असतो शेकडो पटींचा, कधी हजारपटही. सूर्याचा उजेड रंगाच्या नळीतून येत नाही. मग उपाय एकच. सगळ्या दृश्याची पट्टी उतरवायची आणि अंतरं तेवढी नेमकी सांभाळायची. कोपरा किती गडद? टेबलाखालच्या सावलीपेक्षा किंचित उजळ. बाईचा गाल? पडद्यापेक्षा गडद, हातापेक्षा उजळ. असं शेकडो ठिकाणी तोलत जायचं. एक जागा चुकली की ती बेसूर होते आणि खोलीतली हवा निघून जाते.

बाकर यांच्या पॅरिसच्या प्रदर्शनाला 'रंगांचं संगीत' असं नाव दिलं होतं. बहीण पियानोवादक, चित्रांत पियानोपाशी बसलेल्या बायका पुन्हा पुन्हा येतात, म्हणून हे नाव सुचलं असणार. 1887च्या ज्या चित्रात त्यांचं स्वतःचं पॅरिसमधलं घर दिसतं, त्यातही पियानो आहेच. 1889च्या पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनात, आयफेल टॉवर उभा राहिला त्याच प्रदर्शनात, त्यांना रौप्यपदक मिळालं. पण मला वाटतं 'रंगांचं संगीत' या नावात याहून खोल अर्थ आहे. सुरांची अंतरं ऐकणं आणि रंगांची अंतरं पाहणं या एकाच घरात वाढलेल्या दोन विद्या होत्या.

घरात बसून खुल्या हवेतलं चित्र?

1880च्या दशकातले तरुण नॉर्वेजियन चित्रकार म्युनिक-पॅरिसहून मायदेशी परतले ते एक हट्ट घेऊन: चित्र स्टुडिओत आठवणीने करायचं नाही, जागेवर, खऱ्या उजेडात करायचं. याला खुल्या हवेतलं चित्रण म्हणतात. 1886च्या उन्हाळ्यात ऑस्लोजवळच्या फ्लेस्कुम या शेतघरी असे काही चित्रकार एकत्र जमले होते. त्यात बाकर होत्या, त्यांचे जुने गुरू पेटरसेन होते आणि किटी किएलांड होत्या. किएलांड या पश्चिम किनाऱ्यावरच्या दलदलीच्या, ओसाड मैदानांच्या निसर्गचित्रांसाठी प्रसिद्ध. म्युनिकपासूनची ही मैत्री. पॅरिसमध्ये दोघी एकत्र राहिल्या.

बाकर यांनी हाच हट्ट घरात नेला. खोलीतली हवा, खोलीतला उजेडही जागेवर बसूनच रंगवायचा. अंधार वाढेल तसं काम अवघड होत जातं, आणि त्या अंधाराकडेच सरकत गेल्या. 1890चं एक चित्र बर्गेनच्या कोडे संग्रहालयात आहे: रॉकेलच्या दिव्याजवळ बसलेली बाई आणि मागच्या भिंतीवर पडलेली तिची मोठी सावली. दिव्याचा उजेड दिवसासारखा सगळीकडे सारखा पसरत नाही, दोन हातांवर तो निम्म्याहूनही कमी होतो. म्हणजे टोनची अंतरं प्रत्येक वितीला बदलतात. कंदिलाच्या उजेडात अभ्यास केलेल्या आपल्या आजी-आजोबांना हे चित्र न समजावता कळलं असतं.

मग चर्च. 1892मध्ये त्यांनी ऑस्लोजवळच्या तानुम इथल्या जुन्या चर्चमधला बाप्तिस्म्याचा प्रसंग रंगवला. आपण चर्चच्या आत, सावलीत आहोत. समोरचं दार उघडं आहे, बाहेर उन्हातली हिरवळ आहे आणि बाळाला घेऊन माणसं आत येत आहेत. बाकावर बसलेली एक बाई मान वळवून पाहते आहे, कोण आलं म्हणून.

कधी घरातून उघड्या दाराकडे तोंड करून मोबाइलने फोटो काढून बघा. बहुतेकदा एक तर बाहेरचं अंगण पांढरंफटक होतं, नाहीतर घरातली माणसं काळीठिक्कर होतात. यंत्राला दोन्ही एकदम सहजी झेपत नाही. डोळ्याला झेपतं, कारण तो क्षणात इकडे जुळवून घेतो, क्षणात तिकडे. बाकर यांनी त्या चित्रात दोन्ही एकाच वेळी धरलंय. बाहेर खरोखर ऊन आहे, आतला काळोख खरोखर काळोख आहे आणि त्या काळोखातही लाकडाचा रंग दिसतो. पुढच्याच वर्षी, 1893मध्ये, हे चित्र शिकागोच्या जागतिक प्रदर्शनात गेलं. तंत्राच्या दृष्टीने त्यांनी याहून अवघड काही केलं असेल असं मला वाटत नाही.

मग त्या इम्प्रेशनिस्टच ना?

इम्प्रेशनिस्ट म्हणजे मोने वगैरे त्या काळचे फ्रेंच चित्रकार, क्षणाचा उजेड रंगवणारे. बाकर त्यांच्यातल्याच, असं कुणी म्हटलं तर गैर नाही. रंगीत सावल्या, मोकळे ब्रशचे फटकारे, उजेडाचा ध्यास, हे सगळं तिथे आहे. दहा वर्षं पॅरिसमध्ये काढल्यावर ती हवा अंगाला लागणारच.

पण कामाची पद्धत जवळजवळ उलटी होती. इम्प्रेशनिस्टांना क्षण पकडायचा होता: ढग सरकला की दुसरा कॅनव्हास घ्यायचा. बाकर त्याच जागी परत यायच्या, तोच उजेड परत येईपर्यंत थांबायच्या. चर्चची चित्रं महिनोन् महिने चालत, काही तर एकाहून अधिक उन्हाळे. त्यांची खोली नेहमी उभी राहते. भिंत भिंतीसारखी भक्कम, जमीन पायाखाली सपाट, बाकाचं वजन जाणवतं. क्षणभराच्या उजेडात वर्षानुवर्षांची घट्ट वस्तू उभी करणं हे त्यांचं स्वतःचं होतं. म्हणून मी त्यांना इम्प्रेशनिस्टांच्या रांगेत शेवटी उभं करायला तयार नाही.

शिकवणं म्हणजे नेमकं काय?

1888मध्ये बाकर कायमच्या नॉर्वेला परतल्या. 1889मध्ये त्यांनी ऑस्लोत स्वतःची चित्रशाळा सुरू केली आणि ती 1912पर्यंत चालवली. या काळात देशात अकादमी नव्हती हे आठवा; अकादमी उघडली 1909मध्ये, चित्रकार क्रिस्तियान क्रोग तिचे पहिले प्रमुख झाले. म्हणजे चित्रकारांच्या एका पिढीसाठी जी काही उच्च कलाशिक्षणाची सोय होती, त्यातला मोठा वाटा एका बाईच्या चित्रशाळेने उचलला.

या शाळेत मुली होत्या तसे मुलगेही होते. ज्या बाईला म्युनिकने आणि पॅरिसने बाई म्हणून दारात अडवलं, तिच्याकडे पुरुष शिकायला येत होते. मला ही गोष्ट त्यांच्या कुठल्याही पदकाहून मोठी वाटते.

विद्यार्थ्यांत लार्स योर्दे होते, हेल्गा रिंग रॉइश होत्या. सारा फाब्रिसियस ही मुलगी होती, जी 1906मध्ये चित्रकार व्हायला पॅरिसला गेली, पुढे चित्रकला सोडून कोरा सांदेल या नावाने लिहू लागली आणि नॉर्वेची मोठी कादंबरीकार झाली. आणि होते नीकोलाई आस्त्रुप, पश्चिम नॉर्वेतल्या योल्स्टर इथल्या पाद्र्यांचे चिरंजीव. 1899 ते 1901 ते बाकर यांच्याकडे शिकले आणि मग पॅरिसला जाऊन आले. पुढे आपल्याच खोऱ्यात राहून डोंगर, तळं, वसंतातली ओली हिरवळ, मध्यउन्हाळ्याच्या रात्रीच्या शेकोट्या रंगवत आणि लाकडी ठशांवरून छापत राहिले. आज नॉर्वेत मुंकनंतर ज्यांची नावं घेतात त्यांत आस्त्रुप आहेत.

आता या सगळ्यांची कामं शेजारी ठेवून पाहा. आस्त्रुप यांचे रंग भडक, जवळजवळ गोष्टींच्या पुस्तकातल्यासारखे. माणसं छोटी, निसर्ग झाडं-दगडांनी जिवंत. बाकर यांच्या शांत खोल्यांशी त्यांचं वरवर काहीच जुळत नाही. चांगल्या शिक्षिकेची हीच खूण. शिष्यांच्या हातात त्यांनी आपली शैली दिली नाही, रंगांची अंतरं पाहणारा डोळा दिला. आस्त्रुप यांच्या रात्रीच्या चित्रांत काळोख कधीच काळा नसतो, तो निळा-हिरवा असतो. तिथे मला बाई दिसतात. आपल्याकडे शाळेत शिक्षिकेला 'बाई' म्हणायची पद्धत आहे, त्या अर्थाने.

ऑस्लोचं हवामानही या गोष्टीत आहे. डिसेंबरात तिथे दिवस सहा तासांहूनही कमी असतो, जूनमध्ये जवळपास 19 तास. रंगाचं काम करणाऱ्याला त्याचं वर्ष उजेडच आखून देतो. बाकर यांचे उन्हाळे खेड्यांत, शेतघरांत आणि चर्चमध्ये चित्रं काढण्यात जात. शाळेत परतल्यावर स्वतःच्या कामाला किती उजेड उरत असेल, याचा हिशेब ज्याने कधी शिकवण्या करून स्वतःचं काम सांभाळलंय त्याला सांगायला नको.

श्रीमंताघरची मुलगी, तिला काय कठीण?

हा आक्षेप येतोच आणि त्यात तथ्य आहे. बाराव्या वर्षी खासगी शिकवणी, तरुणपणी युरोपची भ्रमंती, हे नॉर्वेतल्या कोळ्याच्या किंवा कुळाच्या मुलीच्या नशिबात नव्हतं. बाकर यांच्यासारखे डोळे असलेल्या किती जणी मासे साफ करत राहिल्या असतील कोण जाणे.

पण घरच्या सुबत्तेवर आयुष्यभर चित्रं काढत बसल्या, असं चित्र उभं केलं तर ते खोटं ठरेल. त्यांनी आयुष्यभरात मिळून सुमारे 180 चित्रं केली. साठ वर्षांची कारकीर्द धरली तर वर्षाला तीन. वर्षाला तीन चित्रं विकून, तीही मिळाली त्या किमतीला, संसार चालत नाही, एकटीचाही. त्यांनी लग्न केलं नाही. शाळा ही त्यांची मिळकत होती.

कायद्याचंही पाहा. नॉर्वेत 25 वर्षांवरच्या अविवाहित स्त्रीला स्वतःचे व्यवहार स्वतः करण्याचा हक्क 1863मध्ये मिळाला, म्हणजे हॅरिएट 18 वर्षांची असताना. विवाहितेला तो मिळायला 1888 उजाडलं. विद्यापीठाचं दार मुलींसाठी उघडलं 1880च्या दशकात. सर्व स्त्रियांना मताधिकार मिळाला 1913मध्ये, शाळा बंद झाल्याच्या दुसऱ्या वर्षी. बाकर तेव्हा 68 वर्षांच्या. त्याच्या कितीतरी आधी, 1898पासून 1918पर्यंत, देशाच्या नॅशनल गॅलरीने कोणती चित्रं घ्यायची हे ठरवणाऱ्या समितीवर त्या होत्या. देशाचा चित्रसंग्रह निवडायला त्यांचा डोळा हवा होता, पण देशाचं सरकार निवडायला त्यांचं मत त्यातली बहुतेक वर्षं मोजलं जात नव्हतं.

इतक्या मोठ्या, तर जगाला माहीत का नाहीत?

बाई होत्या म्हणून, हे उत्तर खरं आहे पण पुरेसं नाही. चित्रंच मोजकी, आणि त्यातली बहुतेक नॉर्वेतच राहिली. ती पाहायला ऑस्लोला किंवा बर्गेनला जावं लागे आणि कलेचा इतिहास लिहिणारे बराच काळ पॅरिसच्या पलीकडे पाहतच नव्हते. शिवाय विषय घरातले: शिवणारी बाई, वाचणारी बाई, पियानो, दिवा. असल्या विषयांना 'बायकी' म्हणून खालच्या फळीवर ठेवायची सवय कला-समीक्षेला होती, आणि हेच विषय एखाद्या जुन्या डच पुरुषाने रंगवले की त्याला गहन शांतता म्हणायचीही.

आणखी एक कारण मला फार महत्त्वाचं वाटतं. मुंकचं ते चित्र तुम्ही टपाल तिकिटाएवढं करा, मगवर छापा, कृष्णधवल करा, तरी ओळखू येतं, कारण त्याची ताकद रेषेत आणि आकारात आहे. बाकर यांची ताकद शेजारशेजारच्या दोन रंगांतल्या बारीक फरकात आहे. छपाईत तो फरक बुजतो. फोनवर तर आणखीच, कारण पडदा स्वतःच उजेड फेकतो आणि काळोखातले सगळे लाकडाचे, कापडाचे रंग एकाच काळपट डागात मिसळून टाकतो. अनेक दशकं त्यांची चित्रं जगाने पाहिली असतील तर ती बहुधा पुस्तकातल्या छोट्या छपाईत. बेसूर पेटीवर ऐकलेल्या गाण्यावरून गवय्याची परीक्षा केल्यासारखं झालं ते. प्रदर्शन गावोगाव फिरलं तेव्हा लोकांसमोर अखेर मूळ कॅनव्हास आले आणि त्या एकदम 'सापडल्या'.

उव्दालचं चर्च

नॉर्वेत अख्खी लाकडाची, मध्ययुगातली चर्चं आहेत. त्यातल्या उव्दालच्या चर्चचं अंतरंग फुला-वेलींच्या नक्षीने रंगवलेलं आहे. 1909मध्ये, चौसष्टाव्या वर्षी, बाकर यांनी ते रंगवलं. छोट्या खिडक्यांतून येणारा थोडासा उजेड आणि त्यात चमकणारं रंगीत लाकूड. उघड्या दारासारखा मोठा प्रकाशाचा झोत इथे नाही, नाट्य नाही. तरीही तानुमपेक्षा रंग जास्त धीट झाले आहेत. निळा, लाल, पिवळा एकमेकांना भिडून उभे आहेत. ज्या वयात बरेच चित्रकार स्वतःचीच नक्कल करू लागतात, त्या वयात त्या मोकळ्या होत गेल्या.

सन्मान मिळाले: 1908मध्ये राजाचं सुवर्णपदक, 1925मध्ये सेंट ओलाव्ह हा नॉर्वेचा मोठा किताब. 25 मार्च 1932 रोजी ऑस्लोत त्यांचं निधन झालं, वयाच्या 87व्या वर्षी.

लेख वाचून कुणाला त्यांचा धडा स्वतः करून पाहावासा वाटला, तर ऑस्लोला जायची गरज नाही. संध्याकाळी, घरात दिवे लावायच्या आधी, तीन कोरे पांढरे कागद घ्या. एक खिडकीत ठेवा, एक खोलीच्या मध्यावर, एक सगळ्यात आतल्या कोपऱ्यात. दूर बसा, डोळे किंचित मिटून तिन्हींकडे एकदम पाहा. पहिल्या मिनिटाला तिन्ही पांढरे दिसतील. बसून राहा. हळूहळू खिडकीतला निळसर होईल, मधला राखाडी. कोपऱ्यातल्या तिसऱ्या कागदाच्या रंगाला चटकन नाव सापडणार नाही. तोवर कुणाला दिवा लावू देऊ नका.